पसारा मांडणारी, पसारा आवरणारी

मेरी जेन जांभया देत स्वयंपाकघरात येते. मालकांचे बूट चमकवायचे आहेत, चूल पेटवायची आहे, न्याहारीची वेळ होत आली आहे. बुटांना काळं लावता लावता तिचं बोट नाकाखालून फिरतं, मिशी उमटते, आणि त्या मिशीसकट ती थेट आपल्याकडे बघून डोळा मारते. चूल काही पेटत नाही. मग ती घासलेटचा डबा आणून चुलीत ओतते. स्फोट होतो, मेरी जेन धुराड्यातून वर उडते आणि तिचे तुकडे होऊन खाली पडतात. पुढच्या दृश्यात कबरस्तान. एक म्हातारी इतर मोलकरणींना तिच्या थडग्याशी घेऊन आली आहे: बघा गं बायांनो, घासलेटशी खेळलं की असं होतं. तेवढ्यात थडग्यातून मेरी जेनचं भूत उठतं. बाया पळत सुटतात. भूत आपला घासलेटचा डबा हुडकून काढतं आणि तो घेऊन परत खाली जातं.

‘मेरी जेन्स मिसहॅप’ नावाचा हा जेमतेम चार मिनिटांचा चित्रपट 1903 सालचा. इंग्लंडच्या दक्षिण किनाऱ्यावर ब्रायटनला खेटून असलेल्या होव्ह गावात जॉर्ज आल्बर्ट स्मिथ यांनी तो काढला. मेरी जेन झालेली लॉरा बेली ही त्यांची बायको, रंगभूमीवर मुरलेली. इतिहासाच्या पुस्तकांत या चित्रपटाचं नाव येतं ते तंत्रासाठी. लांबून अख्खं स्वयंपाकघर आणि मधेच जवळून नुसता चेहरा, अशी एकाच प्रसंगाची फोड इतक्या लवकर फार थोड्यांनी केली होती. ते ठीकच आहे. मला मात्र त्या डब्याचं कुतूहल आहे. मेलेल्या बाईला तो कशाला हवा? स्वर्गात चूल पेटवायला तर नक्कीच नको.

घरकाम हा विनोदाला अवघड जाणारा विषय आहे. विनोदी प्रसंग चढत जातो, फुटतो आणि संपतो. घरकाम चढतही नाही आणि संपतही नाही. सकाळची भांडी घासून पालथी घालेपर्यंत दुपारची पडलेली असतात. शिवाय घर चालवणं म्हणजे बऱ्याच अंशी काही घडू न देणं. दूध उतू जाऊ द्यायचं नाही, पोर पायरीवरून पडू द्यायचं नाही, आलेल्या पाहुण्याला पसारा दिसू द्यायचा नाही. काम उत्तम झालं याची खूण एवढीच, की झालेलं कुणाच्या लक्षात येत नाही. कॅमेऱ्याने यात टिपायचं काय? म्हणून तरुण मुलगी आणि तिच्या हाती आलेलं घर हा विषय मूकपटांनी जेव्हा जेव्हा घेतला, तेव्हा त्या न संपणाऱ्या कामाला कुठून तरी शेवट आणून जोडावा लागला. कुणी स्फोट आणला, कुणी पूर आणला, कुणी नवरा आणला. कोणता शेवट जोडला यावरून तो चित्रपट त्या मुलीच्या कष्टांकडे कसा बघतो हे कळतं. माझं म्हणणं असं, की पहिल्या दहा-बारा वर्षांतले ओबडधोबड, धसमुसळे विनोदपट पुढच्या देखण्या, गोड चित्रपटांपेक्षा या बाबतीत जास्त खरं बोलून गेले. आणि चित्रपट जसजसा सभ्य होत गेला तसतसं ते खरं बोलणं बंद पडलं.

आधी पुरुषांचं घर बघू, म्हणजे मला काय म्हणायचंय ते स्पष्ट होईल. बस्टर कीटनच्या ‘द स्केअरक्रो’मध्ये (1920) शेतावर काम करणारे दोन गडी एकाच खोलीत राहतात. खोलीतल्या प्रत्येक वस्तूला दुसरं रूप आहे. ग्रामोफोनची चूल होते, पुस्तकांच्या कपाटाचं शीतकपाट होतं. मीठ-मिरपूड छतापासून दोऱ्यांनी टांगलेली आहे, ती जेवताना एकमेकांकडे झोके घेते. ताटल्या टेबलाला ठोकलेल्या. जेवण झालं की टेबल उचलून भिंतीला टांगायचं आणि पाण्याचा फवारा मारायचा. हे सगळं इतकं झकास जमवलं आहे की बघताना घरकाम हा जगातला सर्वांत मजेचा उद्योग वाटावा. त्या खोलीत बाई नाही हे मात्र विसरायचं नाही. कीटनसाठी घर हे कोडं आहे. कोडं एकदा सुटलं की सुटलं. रोज तेच कोडं सोडवायला कुणी बसत नाही. त्याच वर्षीच्या ‘वन वीक’मध्ये नवपरिणीत जोडप्याने सुट्या भागांतून जोडलेलं घर वाकडंतिकडं उभं राहतं, वादळात भिंगरीसारखं फिरतं आणि शेवटी आगगाडीखाली चुरडलं जातं. कीटन ढिगाऱ्यावर ‘विकणे आहे’ अशी पाटी लावतो आणि बायकोचा हात धरून चालू लागतो. घर टाकून चालू लागता येणं, हा त्याच्या विनोदाचा पाया आहे.

यंत्राने घरकामाचं कोडं कायमचं सुटेल हे स्वप्न तेव्हा नुसतं पडद्यावरचं नव्हतं. अमेरिकेत क्रिस्टीन फ्रेडरिक या बाई 1910 नंतरच्या दशकात गृहिणींना कारखान्यातल्या कार्यक्षमतेचे धडे देत होत्या: ओटा किती उंच असावा, भांडी धुताना किती पावलं वाचवता येतील. पुढे रूथ श्वार्ट्झ कोवान यांनी 1983 च्या आपल्या पुस्तकात दाखवून दिलं की यंत्रं आली तशी स्वच्छतेची अपेक्षाही वाढली, धुलाई यंत्र आल्यावर कपडे अधिक वेळा धुवायचे ठरले, आणि बाईचे तास होते तिथेच राहिले. कीटनच्या खोलीतली मौज त्यामुळे कमी होत नाही. पण ती मौज सुट्टीवरच्या माणसाची आहे.

आता फ्रान्समधल्या लेओंतीनकडे येऊ. पाथे कंपनीने नीसमधल्या आपल्या विनोदपटांच्या शाखेत 1910 ते 1912 च्या दरम्यान लेओंतीनवर वीसेक छोटे चित्रपट काढले. वेणीफणी केलेली, झालरीचा झगा घातलेली, वयाने मोठी झालेली तरी लहान मुलीसारखी वागणारी ही लेओंतीन. जिने ती साकारली तिचं नाव त्या काळात पाटीवर झळकलं नाही. एका चित्रपटात तिला खेळण्यातली होडी मिळते. होडीला पाणी हवं, म्हणून ती राहत्या घरात पाणी सोडते. घर भरतं, पाणी मजल्यांमधून खाली उतरतं. दुसऱ्या एका चित्रपटाचं नावच ‘लेओंतीन घर सांभाळते’ असं आहे, 1912 सालचं, आणि ज्याने तिचा आणखी एखादा चित्रपट पाहिला असेल त्याला नाव वाचूनच घाम फुटेल. आणखी एकात ती आणि रोझाली नावाची तिच्याइतकीच वांड मैत्रीण नाटकाला जातात आणि इतक्या मोठ्याने हसतात-रडतात की नाटक बंद पडायची वेळ येते.

लेओंतीन चुकून काही मोडत नाही, हे तिचं वैशिष्ट्य. धांदरट मुलीच्या हातून कप फुटतो आणि तिचा चेहरा पडतो, हा विनोद आपल्या ओळखीचा आहे. त्यात मुलीने ओशाळायचं असतं आणि आपण तिला माफ करायचं असतं. लेओंतीन ओशाळत नाही. ती मन लावून नासधूस करते, पुढच्या खोलीत जाते, आणि शिक्षा झालीच तर पुढच्या चित्रपटात पुन्हा हजर. तिला घराची जबाबदारी दिली जाते तीच मुळी ‘मुलीच्या जातीला हे आपोआप येतं’ या समजुतीने. या समजुतीचं काय होतं ते बघायचं असेल तर छत कोसळेपर्यंत थांबायचं.

यावर एक रास्त आक्षेप आहे. मेरी जेनचा चित्रपट मालकिणींनी मोलकरणींना हसण्यासाठी केलेला होता, असं कुणी म्हणेल. त्या काळच्या ब्रिटनमध्ये बायकांना मिळणारी सर्वांत मोठी नोकरी म्हणजे दुसऱ्याच्या घरी राबणं, आणि ‘हल्ली कामाला चांगल्या मुली मिळत नाहीत’ ही तक्रार तिथल्या दिवाणखान्यांतही रोजचीच. मूर्ख मोलकरीण घासलेट ओतते आणि मरते. चित्रपटाच्या नावाला जोडलेल्या उपशीर्षकातही घासलेटशी खेळू नका असा इशारा आहेच. मग यात बंड कसलं? आक्षेप मला अर्धाच पटतो. कारण चित्रपटगृहात, किंवा खरं तर जत्रेतल्या तंबूत, मालकीण एकटी बसलेली नव्हती. सुट्टी मिळालेली मोलकरीणही तिथे होती, आणि डोळा मारलेला होता तो तिलाही. मेरी जेनच्या मरणाचा धडा ऐकायला थडग्याशी गोळा केलेल्या बायांना चित्रपट स्वतःच पळवून लावतो. उपदेश सुरू होताच भूत उठतं. मॅगी हेनेफेल्ड या अभ्यासक बाईंनी 2018 साली मूकपटांतल्या विनोदी नट्यांवर एक जाड पुस्तक लिहिलं, त्यात अशा फुटणाऱ्या, उडणाऱ्या, वितळणाऱ्या बायकांची रांगच लागलेली आहे. इतक्या वेळा बाईला उडवून द्यावंसं वाटलं यात क्रूरपणा आहे, हे खरं. पण बाईला त्या चुलीपासून हलवायला दुसरा उपाय कुणाला सुचत नव्हता, अशीही ती कबुली आहे.

अशी वांड पोरं इंग्लंडातही होती. टेम्स नदीकाठी वॉल्टन इथे सेसिल हेपवर्थ यांचा स्टुडिओ होता, तिथे 1910 पासून टिली आणि तिची बहीण यांच्यावर चित्रपट निघत. आल्मा टेलर आणि क्रिसी व्हाइट या दोन किशोरवयीन नट्यांनी शहाण्या मुलींच्या वागणुकीचं त्यांत पार भरीत केलं. याच स्टुडिओत 1912 साली धुंडिराज गोविंद फाळके चित्रपट कसा काढतात ते शिकायला गेले होते. परत येताना त्यांनी विल्यमसन बनावटीचा कॅमेरा आणला. हे विल्यमसन म्हणजे होव्हचेच, जॉर्ज आल्बर्ट स्मिथ यांच्या गावचे. म्हणजे मेरी जेन ज्या गावात उडाली त्या गावच्या माणसाचा कॅमेरा दादरला एका घरात येऊन पोचला.

आणि त्या घराचं काय झालं ते मराठी वाचकाला सांगायला नको, तरी या विषयाच्या बाजूने ते एकदा बघण्यासारखं आहे. ‘राजा हरिश्चंद्र’साठी सरस्वतीबाई फाळक्यांनी दागिने दिले हे आपण कौतुकाने सांगतो. त्यापलीकडे त्या सगळ्या कंपनीचा स्वयंपाक करत, पोशाख धूत, फिल्मच्या कडांना भोकं पाडत, चित्रीकरणातही हात लावत, आणि हे सगळं पदरी मुलं असताना. चित्रपटात काम करायला बाई मिळेना, म्हणून ग्रँट रोडवरच्या एका उपाहारगृहातल्या आचाऱ्याला, अण्णा साळुंक्यांना, तारामती केलं. बायकांची कामं करणाऱ्या पुरुषांना फाळके साडी नेसवून तांदूळ निवडायला आणि दळायला बसवत, हावभाव अंगात मुरावेत म्हणून, असं सांगतात. काय गंमत आहे बघा. व्यवसायाने स्वयंपाक करणारा पुरुष राणी होण्यासाठी घरकामाची तालीम करतोय आणि पलीकडे खरी घरधनीण साऱ्या कंपनीची भाजी चिरतेय. कथेतली तारामतीसुद्धा राज्य गेल्यावर काशीत दुसऱ्याच्या घरी मोलकरीण होते. पण बाईपणाची खूण म्हणून जे काम पडद्यावर यावं असं वाटलं, ते काम घरात कोण करतंय याचा विनोद व्हायला जवळजवळ शंभर वर्षं लागली. परेश मोकाशींचा ‘हरिश्चंद्राची फॅक्टरी’ (2009) त्या संसारातली धांदल हसत-खेळत दाखवतो. तो मला आवडतो. तरी त्यातलं दारिद्र्य जरा जास्तच हसरं आहे असंही वाटतं.

फ्रान्समध्ये ॲलिस गी या बाईंनी घरकाम कोण करतं या प्रश्नावर वेगळाच उपाय 1906 साली केला होता. ‘स्त्रीवादाचे परिणाम’ अशा अर्थाच्या नावाच्या त्यांच्या छोट्या चित्रपटात पुरुष शिवण-इस्त्री करतात, पोरं सांभाळतात, आणि बायका कॅफेत बसून पितात, धूर सोडतात, येणाऱ्या-जाणाऱ्या पुरुषांना छेडतात. शेवटी पुरुषांचा संयम सुटतो, ते कॅफेवर चाल करून जातात आणि बायकांना बाहेर काढतात. वरवर बघता जुनी घडी परत बसली. पण पुरुषांनी बंड केलं ते कशाविरुद्ध, तर बायकांच्या नेहमीच्या दिवसाविरुद्ध. बाईंना एवढंच म्हणायचं होतं आणि त्यांनी ते सात मिनिटांत म्हटलं.

यानंतर चित्रपट लांबले, पाच-सात रिळांचे झाले, तिकिटं महाग झाली, थिएटरांना मखमली पडदे आले. घर उडवून देणारी पोरगी या नव्या प्रेक्षकाला झेपेना. तिच्या जागी आली घर सावरणारी पोरगी. मेरी पिकफर्ड ही तिची राणी. ‘लिटल ॲनी रूनी’मध्ये (1925) पिकफर्ड तेहतीस वर्षांची होती आणि न्यूयॉर्कच्या गरीब वस्तीतली बारा-तेरा वर्षांची मुलगी झाली होती, बाप पोलिस, मोठा भाऊ, आणि त्या दोघांचं घर सांभाळणारी ही. दिवसभर गल्लीत मारामाऱ्या आणि संध्याकाळी ॲप्रन. हसू येतं ते तिच्या हातपाय आपटण्याला. गलबलून येतं ते तिच्या ॲप्रनला. पसारा अजून आहे, पण तो आता घराबाहेर, रस्त्यावर नेलेला आहे.

‘थ्रू द बॅक डोअर’मधला (1921) पिकफर्डचा एक प्रसंग मला या सगळ्या प्रवासाची खिंड वाटतो. फरशी घासायची आहे. ती दोन्ही पायांना घासायचे ब्रश बांधते आणि साबणाच्या फेसावरून स्केटिंग करत सुटते. प्रसंग अप्रतिम आहे, तोल जाता जाता सावरणारं तिचं शरीर बघत राहावं. बऱ्याच वर्षांनी, 1945 मध्ये, स्वीडनच्या लेखिका ॲस्ट्रिड लिंडग्रेन यांच्या पुस्तकातल्या पिप्पीनेही फरशी अशीच पायाला ब्रश बांधून घासली, तेव्हा ही कल्पना बालमनाला किती गोड वाटते ते दिसतंच. पण पिप्पीच्या घरात वडीलधारं कुणी नाही, ती तिची स्वतःची फरशी आहे. पिकफर्डची नायिका ज्या घरात मोलकरीण म्हणून राबते ते तिच्या सख्ख्या आईचं घर आहे आणि आईला ते ठाऊक नाही. काम खेळासारखं करून दाखवलं की त्यातला अपमान दिसेनासा होतो. लेओंतीनने हेच पाणी जिन्यावरून खाली सोडलं असतं. आणि हेही विसरू नये, की पडद्यावर फरशी घासणारी ही पोरगी प्रत्यक्षात 1919 मध्ये चॅप्लिन, फेअरबँक्स आणि ग्रिफिथ यांच्या जोडीने युनायटेड आर्टिस्ट्स ही कंपनी स्थापन करून हिशेबाच्या वह्या स्वतः तपासणारी बाई होती. तिला श्रमाची किंमत कळत नव्हती असं कोण म्हणेल? प्रेक्षकाला काय विकलं जाईल हेही तिला कळत होतं.

‘थ्रू द बॅक डोअर’चे एक दिग्दर्शक आल्फ्रेड ग्रीन. पाच वर्षांनी त्यांनीच कोलीन मूरला घेऊन ‘एला सिंडर्स’ काढला. नावावरून कळतंच, सिंड्रेलाची गोष्ट. सावत्र आई आणि दोन सावत्र बहिणींचं घर एला एकटी ओढते. चित्रपटाचा पहिला भाग या विषयावरच्या सगळ्या बोलक्या आणि मूक चित्रपटांतल्या उत्तम विनोदांत मोडतो. सौंदर्यस्पर्धेसाठी फोटो काढायचा तर तीन डॉलर हवेत, ते मिळवायला ती शेजाऱ्यांची पोरं सांभाळते. म्हणजे घरकामातून सुटायचं तिकीट आणखी घरकाम करून काढते. रात्री पुस्तकातून अभिनय शिकताना तिचे दोन डोळे दोन दिशांना फिरतात, एक इकडे तर दुसरा तिकडे. पडदा उभा दुभागून, एकाच फिल्मवर दोनदा चित्रण करून साधलेली ही करामत आजही खदखदून हसवते. ती स्पर्धा जिंकते ते नाकावर माशी बसल्याक्षणी निघालेल्या वेड्यावाकड्या फोटोमुळे. हॉलिवूडला जाते, स्पर्धा बनावट निघते, तरी स्टुडिओत घुसून ती नटी होतेच. आणि मग? बर्फ पोचवणारा गावचा प्रियकर हा श्रीमंताघरचा निघतो, चित्रीकरण चालू असतानाच येतो आणि तिला लग्नाला घेऊन जातो. एका घरातून सुटण्यासाठी एवढा खटाटोप केलेली मुलगी चित्रपटाच्या शेवटी दुसऱ्या घरी पोचते, आणि तिथली भांडी कोण घासतं ते आपल्याला दाखवत नाहीत. श्रीमंताचं घर आहे, कुणीतरी मेरी जेन असेल.

कोलीन मूरला पुढे एक छंद जडला, त्याचा इथे उल्लेख केल्याशिवाय राहवत नाही. 1928 पासून सात वर्षं आणि जवळजवळ पाच लाख डॉलर खर्चून तिने एक बाहुल्यांचा राजवाडा बनवून घेतला. वाहतं पाणी, विजेचे दिवे, नखाएवढी पुस्तकं, स्वयंपाकघरात चूल. तो देशभर फिरवून तिने मुलांसाठी पैसे गोळा केले; आता तो शिकागोच्या विज्ञान संग्रहालयात आहे. त्या राजवाड्यात मुद्दाम एकही बाहुली ठेवलेली नाही. राहणारं कुणी नसलं की घर कसं नीटनेटकं राहतं.

मूकपटाची एक यांत्रिक खोडही या प्रकरणात सामील आहे. कॅमेरा हाताने फिरवायचा. थोडा हळू फिरवला की पडद्यावर माणसं भरभर पळतात. विनोदपटांत ही युक्ती सर्रास चाले. एखाद्याचा पाठलाग भरभर पळवला तर त्यातली गंमत वाढते. भांडी घासणं भरभर पळवलं तर त्यातलं मुख्य दुःखच गळून पडतं, कारण घरकामाचं दुःख वेळेत आहे, किती वेळ लागला यात आहे. शांताल आकेरमन या बेल्जियन बाईंनी 1975 मध्ये ‘जान दीलमान’ या सव्वातीन तासांहून मोठ्या चित्रपटात बटाटे सोलायला लागतो तेवढा वेळ बटाटे सोलताना दाखवले, तेव्हा लोकांना ते असह्य झालं. सत्तर वर्षं हसून झाल्यावर कुणीतरी खरं घड्याळ लावलं होतं.

मूकपटाच्याच काळात ते घड्याळ लावू बघणारा एक विनोदपट झाला, डेन्मार्कमध्ये. कार्ल ड्रायर म्हटलं की आपल्या फिल्म सोसायट्यांतल्या मंडळींना ‘जोन ऑफ आर्क’ आठवते आणि चेहरे गंभीर होतात. त्याआधी तीन वर्षं, 1925 मध्ये, त्यांनी स्वेन रिंडोम यांच्या नाटकावरून ‘बायकोचा मान राख’ अशा अर्थाच्या नावाचा घरगुती विनोदपट केला. तो पॅरिसमध्ये इतका चालला की त्यातूनच ड्रायरना फ्रान्सचं बोलावणं आलं. कोपनहेगनमधलं दोन खोल्यांचं बिऱ्हाड. धंदा बुडालेला नवरा व्हिक्टर घरात वाघ झालाय. बायको इडा आणि मोठी मुलगी कारेन दिवसभर राबतात. ड्रायरनी स्टुडिओत अख्खं बिऱ्हाड बांधलं, गॅस, पाणी, वीज सगळं चालू असलेलं, आणि कॅमेऱ्याला जागा व्हावी म्हणून भिंती काढता-घालता येतील अशा ठेवल्या. गॅस खरा होता म्हणून कॉफी खरी उकळते, आणि कॉफी खरी उकळते म्हणून इडाला तिथे थांबावं लागतं. चित्रपटाचा सुरुवातीचा मोठा भाग म्हणजे एक सकाळ: शेगडी, न्याहारी, वाळत घातलेले कपडे, नवऱ्याच्या सपाता. एका ठिकाणी इडा आपल्या पावावरचं लोणी खरवडून नवऱ्याच्या पावावर लावते. कुणी काही बोलत नाही; बोलपट असता तर लेखकाला इथे संवाद लिहायचा मोह आवरला नसता. मूकपटात हातांना जी जागा मिळते ती पुढे कधी मिळाली नाही.

मग व्हिक्टरची लहानपणची दाई, म्हातारी मॅड्स, सूत्रं हाती घेते. इडाला विश्रांतीसाठी घराबाहेर पाठवते आणि नवऱ्याला कामाला जुंपते. कपडे, शेगडी, पोरं. वाघाची मांजर होते, आणि शेवटी मॅड्स त्याला लहानपणासारखं कोपऱ्यात तोंड करून उभं करते. घरकामाला शेवट कसा द्यायचा या प्रश्नाला ड्रायरचं उत्तर सर्वांत हुशार आहे. काम संपवायचंच नाही, करणारा बदलायचा. हसू आपोआप येतं, कारण तेच टोपलं, तीच दोरी, आणि आता हात वेगळे. ॲलिस गीने जे उलटापालट करून सांगितलं ते ड्रायरने सरळ वास्तवात सांगितलं, आणि सांगताना घर उडवलं नाही.

तरी मला त्यात एक जागा खुपते. नवऱ्याला धडा मिळतो तो चांगल्या वागणुकीचा. आभार मानावेत, ओरडू नये, बायकोचं काम दिसावं. चित्रपट संपतो तेव्हा व्हिक्टर बदललेला असतो, कामाची वाटणी मात्र बदललेली नसते. इडा परत येते ती त्याच शेगडीपाशी. आणि हे सगळं शिक्षण चालू असताना घर पडलं का नाही? कारण कारेन होती. बाप हंबरडा फोडत होता, आई बाहेर होती, मॅड्स शिस्त लावत होती, आणि ही शाळकरी पोर धाकट्यांना सांभाळत होती. कारिन नेलेमोझे या मुलीने ही भूमिका इतक्या शांतपणे केली आहे की तिच्याकडे लक्षच जात नाही. घर सावरणाऱ्या मुलीचा हा शंभर नंबरी नमुना, आणि विनोदातला एकही प्रसंग तिच्या वाट्याला आलेला नाही. मोठ्यांना सुधारण्याचं नाटक तिच्या खांद्यावर उभं आहे.

या लेकीला एक मैत्रीण हवी होती. लेओंतीनला कारेनच्या घरी आठ दिवस राहायला पाठवायला हवं होतं. मॅड्सने तिलाही पहिल्याच संध्याकाळी कोपऱ्यात उभं केलं असतं, आणि दुसऱ्या दिवशी सकाळी तो कोपरा जागेवर राहिला नसता. ड्रायरच्या भिंती तशाही काढता येण्याजोग्याच होत्या.